आम्रखंडातलं पाणी

पाडव्याच्या आदल्या संध्याकाळी दादरच्या रानडे रोडवर पाय ठेवायला जागा नसते. झेंडूच्या पाट्या, कडुलिंबाच्या डहाळ्या, साखरेच्या गाठ्यांच्या माळा, आणि त्या गर्दीतून वाट काढत डेअरीच्या दारात डबा घेऊन उभी असलेली माणसं. काहींना तयार आम्रखंड हवं असतं. काहींना नुसता चक्का. चक्का नेणारे लगेच ओळखू येतात, कारण डबा पुढे करण्याआधी ते विचारतात, ‘आजचाच ना? आंबट नाही ना झालेला?’ आणखी एक तिसरी जात आहे, ती या रांगेत दिसतच नाही. त्यांनी सकाळीच घरी दूध विरजलेलं असतं आणि रात्री ते दही फडक्यात बांधायचं असतं. हा लेख त्या तिसऱ्यांसाठी आहे, आणि मी उघडपणे त्यांच्या बाजूचा आहे.

आम्रखंडात तीनच वस्तू लागतात: दही, आंबा, साखर. तिन्हींशी आपलं भांडण एकाच गोष्टीवरून होतं, ते म्हणजे पाणी. म्हशीच्या दुधात साधारण ८२-८३ टक्के पाणी असतं, गाईच्या दुधात ८७ टक्क्यांच्या आसपास. हापूसचा गर कितीही घट्ट वाटला तरी त्याचा चार-पंचमांश भाग पाणीच. अशा दोन पाणीदार वस्तू एकत्र करून चमच्यावरून सहज ओघळू नये असा पदार्थ करायचा, तोही जवळजवळ विस्तवाशिवाय. इंग्लंडमध्ये आंबट फळांचा असाच दाट, पिवळा, चमच्याने खाण्याचा गोड प्रकार करतात. तिथे लिंबाचा रस, साखर, लोणी आणि अंड्याचा बलक मंद आचेवर ढवळत राहतात, आणि दाटपणा बलकातून येतो. आच थोडी वाढली की सगळं फाटतं. आपल्याकडे दाटपणा आणायला आच नाही, अंडं नाही. इथे सगळं काम वेळ आणि फडकं करतं.

दही लागतं तेव्हा नेमकं काय होतं ते समजून घेतलं तर पुढच्या निम्म्या चुका टळतात. विरजणातले जिवाणू दुधातली साखर खाऊन आम्ल तयार करतात. आम्ल वाढत गेलं की दुधातल्या केसिन या प्रथिनाचे सुटे कण एकमेकांना धरायला लागतात आणि त्यांचं जाळं बनतं. स्निग्धांश आणि पाणी त्या जाळ्यात अडकून पडतं. दही फडक्यात टांगलं की जाळं स्वतःच्याच वजनाने दबतं, पाणी गळतं, स्निग्धांश मागे राहतो. म्हशीच्या दुधात केसिनही जास्त आणि स्निग्धांशही जास्त, म्हणून चक्का भरघोस पडतो. लिटरभर चांगल्या म्हशीच्या दुधाच्या दह्यातून साधारण ४०० ग्रॅमच्या आसपास चक्का मिळतो. गाईच्या दुधाचा त्याहून कमी आणि मऊ.

दही अदमुरं असेल तर जाळं कच्चं राहतं आणि पाण्याबरोबर दूधही फडक्यातून निसटतं. गळणारं पाणी पांढरं दिसलं की समजावं, घाई झाली. ते स्वच्छ, फिकट हिरवट-पिवळं असायला हवं. तो रंग ‘ब-२’ जीवनसत्त्वाचा. उलट दही फार वेळ ठेवलं तर आंबट होतं, आणि मग माणसं आंबटपणा मारायला साखर वाढवतात. आम्रखंड बिघडण्याची सुरुवात तिथून होते.

मुंबईत या सगळ्याला हवेची अडचण. चैत्रात गिरगावात किंवा परळला रात्रीसुद्धा पारा पंचविशीच्या आसपास असतो आणि दमटपणा वेगळाच. टांगलेल्या दह्यातले जिवाणू रात्रभर जागे असतात. संध्याकाळी गोड असलेल्या दह्याचा पहाटेपर्यंत आंबट चक्का होतो. चाळीतल्या बायकांनी फ्रिज घरात येण्याआधी हे वेळेच्या हिशेबाने सांभाळलं. दही लावायचं सकाळी, बांधायचं दिवे लागल्यावर, उतरवायचं पहाटेच्या आत. दहा बाय बाराच्या खोलीत टांगायला जागा कुठली? मोरीतला नळ. नळाच्या तोटीला फडक्याची पुरचुंडी बांधायची, खाली पातेलं ठेवायचं. नळाला पाणी यायची वेळ पहाटेची, म्हणजे चक्का त्याआधी उतरवावाच लागे. आमच्या घरीही असंच होतं. पाणी आल्याचा घरघर आवाज येण्याआधी आई उठायची, आणि त्यामुळे आमचा चक्का कधीच फार आंबट झाला नाही. पालिकेच्या पाण्याचं वेळापत्रक आणि चक्क्याची आंबटाई यांचा असा संबंध कुठल्या पाककृतीच्या पुस्तकात सापडायचा नाही.

आता फ्रिज आहे, आणि त्याचा फायदा घ्यावा. तीनेक तास बाहेर टांगून बरंचसं पाणी गळू द्यावं. मग पुरचुंडी चाळणीत, चाळणी पातेल्यावर, वर झाकण, आणि सगळं रात्रभर फ्रिजमध्ये. थंडीत जिवाणू मंदावतात, पाणी मात्र गळत राहतं. फडकं पातळ, सुती, आणि साबणाचा वास नसलेलं हवं. त्याच्यासाठी एक वेगळा पंचा ठेवावा आणि तो नुसत्या गरम पाण्यात धुवावा.

कृती जुनी आहे. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याने बाराव्या शतकात लिहिलेल्या ‘मानसोल्लास’ या ग्रंथात दही गाळून साखर घालून केलेली ‘शिखरिणी’ आहे. म्हणजे फडकं, दही आणि साखर ही त्रयी दख्खनच्या स्वयंपाकघरात निदान नऊशे वर्षं मुरलेली आहे. तिच्यात आंबा कधी आला हे पाहण्यापेक्षा मुंबईच्या या भागात ते दूध आणि तो आंबा कसा पोचला हे पाहणं मला जास्त महत्त्वाचं वाटतं. घरच्या आम्रखंडाची प्रत त्यावरच ठरत आली.

स्वातंत्र्याच्या आधी मुंबई शहरात तबेले होते. दूध जवळून येई, पण कसं येई? पाणी घातलेल्या दुधाची तक्रार हे या शहराचं जुनं दुखणं. पाणी घातलेल्या दुधाचं दही लागतं खरं, पण टांगल्यावर खरी गोष्ट उघडी पडते. पातेलं भरतं आणि फडक्यात मूठभर उरतं. १९४५ साली मुंबई सरकारने आणंदहून पाश्चराइज केलेलं दूध आगगाडीने मुंबईला आणायची योजना सुरू केली, आणि त्यातून खेडा जिल्ह्यातल्या शेतकऱ्यांची जी चळवळ उभी राहिली तिचीच पुढे ‘अमूल’ झाली. १९४९ मध्ये गोरेगावला आरे दूध वसाहत उभी राहिली आणि शहरातल्या तबेल्यांमधल्या हजारो म्हशी तिकडे हलवण्यात आल्या. मुंबईतल्या या कामामागे दारा खुरोडी हे दुग्धविकास अधिकारी होते. त्रिभुवनदास पटेल आणि वर्गीस कुरियन यांच्याबरोबर १९६३ चा मॅगसेसे पुरस्कार त्यांना मिळाला.

खुरोडींचं आणखी एक काम आम्रखंडाच्या दृष्टीने महत्त्वाचं आहे. म्हशीचं दूध स्निग्ध आणि महाग. शहरातल्या गरिबाच्या मुलाला ते मिळायचं कसं? म्हशीच्या दुधात पाणी आणि स्निग्धांश काढलेल्या दुधाची भुकटी मिसळून स्वस्त, तरीही प्रथिनं टिकवलेलं ‘टोन्ड’ दूध त्यांनी मुंबईत आणलं. पाणी घालण्याचं हे काम फसवणुकीचं नव्हतं, लोकांपर्यंत दूध पोचवण्याचं होतं, आणि मला त्याबद्दल मनापासून आदर आहे. गिरणगावातल्या कितीतरी मुलांची हाडं त्या दुधावर भरली. पण आम्रखंडाला ते दूध चालत नाही. आजही टोन्ड दुधात स्निग्धांश ३ टक्के असतो, फुल क्रीममध्ये ६. पिशवीवरचा हा आकडा वाचून मगच दूध घ्यावं. सणाच्या दिवशी तरी फुल क्रीम.

आता आंबा. कोकणातल्या बंदरांतून बोटी भाऊच्या धक्क्याला लागत तेव्हा आंब्याच्या पेट्या समुद्रमार्गे येत. तिथून क्रॉफर्ड मार्केट, म्हणजे आजची महात्मा फुले मंडई. १८६९ मध्ये उघडलेली ही मंडई शंभर वर्षांहून जास्त काळ मुंबईच्या फळबाजाराचं हृदय होती. घाऊक बाजार १९९० च्या दशकात वाशीला गेला. पेट्या आता रात्रीच्या ट्रकने वाशीला उतरतात आणि तिथून दादर-गिरगावच्या फुटपाथवर येतात. रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि शेजारच्या जिल्ह्यांच्या हापूसला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, तरी ‘देवगड’ लिहिलेल्या प्रत्येक पेटीत देवगडचा आंबा असेलच असं नाही. गिरगावकर कागदावर जात नाहीत, देठाजवळ नाक नेतात.

परळ-लालबागच्या घरांत हापूस सहज येत नसे. तिथे मे महिन्यात गावी गेलेला चाकरमानी परतताना करंडी भरून आणायचा तो रायवळ. रायवळ चोखून खायला अप्रतिम, साठं घालायलाही, पण आम्रखंडाला धागेदार आणि पातळ. पायरीचं तसंच. पायरीचा रस पुरीबरोबर वाटीभर प्यावा, चक्क्यात घालू नये. ती रसाळ आहे हाच तिचा गुण, आणि इथे तोच आड येतो. आम्रखंडाला हापूसच का, तर त्याचा गर दाट, जवळजवळ बिनधाग्याचा, आणि आंबट-गोडाचा तोल असा की दह्याच्या आंबटाईशेजारी तो बुजत नाही. पण पाडव्याला हापूस महाग असतो आणि पुरता तयारही नसतो. पहिल्या पेटीची हौस फोटोपुरती ठीक. आम्रखंड अक्षय्य तृतीयेनंतरचं. तेव्हा भाव उतरतो आणि गवतात अढी घालून पिकवलेला आंबा बाजारात दिसायला लागतो. पाडव्याला साधं वेलचीचं श्रीखंड करावं आणि आंब्यासाठी थांबावं, असं माझं स्पष्ट मत आहे.

हापूसला एक खोड आहे, तिला कोकणात ‘साका’ म्हणतात. बाहेरून आंबा निर्दोष, आत कोयीजवळ पांढरट, स्पंजासारखा, आंबट गर. रसासाठी आंबा हाताने मऊ करून पिळतात तेव्हा हा साका रसात मिसळून जातो आणि का बिघडलं ते कळत नाही. म्हणून आम्रखंडाचा आंबा पिळू नये, कापावा. प्रत्येक फोड पाहावी, साका असलेला भाग काढून टाकावा, मग चमच्याने गर खरवडून घ्यावा. वेंगुर्ल्याच्या संशोधन केंद्राने नीलम आणि हापूस यांच्या संकरातून काढलेल्या ‘रत्ना’मध्ये साका नसतो, मिळाला तर जरूर घ्यावा, सुगंध थोडा कमी असला तरी.

गर काढल्यावर त्यातलं पाणी. दोन आंब्यांचा वाटीभर गर जाड बुडाच्या कढईत मंद आचेवर ठेवून तो पाऊण वाटी होईपर्यंत हलवत राहावा. आम्रखंडात विस्तवाचं काम असेल तर एवढंच. फार आटवला तर रंग तपकिरीकडे जातो आणि जॅमचा वास येतो. कडेने सुटायला लागला की उतरवायचा. काही घरांत कच्चाच गर घालतात. त्यात सुगंध जास्त राहतो, पण दुसऱ्या दिवशी वाटीच्या तळाशी पाणी सुटलेलं दिसतं. मी अर्धा आटवतो, अर्धा कच्चा ठेवतो, आणि दोन्ही पूर्ण गार झाल्याशिवाय चक्क्याला हात लावत नाही.

साखरेवर लोकांचं सगळ्यात कमी लक्ष असतं. जुनं प्रमाण ‘चक्क्याइतकी साखर’. थोडं गणित करू. घरच्या घट्ट चक्क्यात घन भाग ३५ टक्के धरला तर किलोभर चक्क्यात ३५० ग्रॅम. त्यात किलोभर साखर घातली की एकूण घन भाग १३५० ग्रॅम, त्यातली साखर १०००, म्हणजे ७४ टक्के. श्रीखंडाच्या सरकारी मानकात कोरड्या अंशातल्या साखरेची कमाल मर्यादा ७२.५ टक्के आहे. म्हणजे आजीचं प्रमाण मर्यादेच्याही वर जातं! त्याला कारण होतं. फ्रिज नसताना साखर हीच राखण होती. एवढ्या साखरेत जिवाणूंना जगायला मोकळं पाणी उरत नाही, आणि लग्नाच्या पंगतीला आदल्या दिवशी केलेलं श्रीखंड दुसऱ्या दुपारी वाढता येई. ते कारण आता उरलेलं नाही. ४०० ग्रॅम चक्क्याला, आंबा गोड असेल तर, २०० ते २२५ ग्रॅम साखर पुष्कळ. दह्याची आंबटाई जिभेला कळली पाहिजे. ती गेली की उरतो तो आंब्याच्या वासाचा गोड लगदा.

साखर घरी दळावी. बाजारच्या काही पिठीसाखरेत मक्याचं पीठ असतं आणि ते जिभेला कळतं. साखर चक्क्यात मिसळली की मिश्रण एकदम सैल होतं. नवखी माणसं इथे घाबरतात आणि आणखी चक्का शोधायला धावतात. घाबरू नये. साखर जाळ्यात उरलेलं पाणी ओढून बाहेर आणते, म्हणून ते सैल पडतं. तासभर झाकून ठेवावं, साखर पूर्ण विरघळू द्यावी, मग पुरणयंत्रातून काढावं. मिक्सर वापरू नये. त्याची पाती केसिनचं जाळं तोडतात आणि पुन्हा घट्टपणा येत नाही. पुरणयंत्र दाबतं, कापत नाही. त्यानंतर आंब्याचा गार गर हलक्या हाताने मिसळायचा, चिमूटभर मीठ घालायचं, आणि चार तास फ्रिजमध्ये. म्हशीच्या दुधाचा स्निग्धांश थंडीत घट्ट होतो आणि सैल वाटलेलं आम्रखंड आपोआप बसतं. वेलची अगदी थोडी. केशर, जायफळ नको. ते साध्या श्रीखंडाचे दागिने आहेत, हापूसला त्यांची गरज नाही.

हापूस वर्षभर नसतो. दिवाळीत बाजार सीताफळांचा असतो, आणि सीताफळाचं श्रीखंड आम्रखंडाच्या तोडीचं होतं, एका अटीवर: सीताफळाला आच लावायची नाही. त्याचा गर तापला की कडू होतो. बिया काढायला वेळ लागतो, पण गर मुळातच दाट, त्यामुळे आटवायची गरजही नसते. अननसाचं बरोबर उलट. कच्च्या अननसात प्रथिनं तोडणारं ब्रोमेलिन असतं. ते केसिनच्या जाळ्यावर तुटून पडतं, काही तासांत श्रीखंड पातळ आणि कडू होतं. अननस आधी साखरेत चांगला शिजवायचा, मगच घालायचा. पपई आणि किवीला हाच नियम. महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी पाणी फार सोडते. ती चिरून साखर लावून ठेवावी, सुटलेला रस वेगळा आटवावा. चिकू आणि केळं मला चक्क्यात आवडत नाहीत. केळ्याची जागा शिकरणात आहे, ती तिथेच राहू द्यावी.

डब्यातल्या आम्रखंडाविषयी कडवट लिहायचं माझ्या मनात नाही. १९८० च्या सुमारास बडोद्याच्या ‘सुगम’ डेअरीत दह्यातून पाणी वेगळं करणारी फिरती यंत्रं लावून श्रीखंड मोठ्या प्रमाणावर बनायला लागलं. फडक्यात रात्रभर गळायचं ते काम यंत्र फार थोड्या वेळात करतं. वारणा, चितळे, अमूल यांनी ते गावोगाव पोचवलं. दोघंही नोकरी करतात अशा परळच्या घरात पाडव्याला गोड होतं ते या डब्यांमुळे, आणि हे काही लहान काम नाही. पण कारखान्याला बारा महिने एकच चव द्यावी लागते. घरच्या आम्रखंडाला तसं बंधन नाही. ते एप्रिलच्या शेवटच्या आठवड्यात एक असतं, मेच्या मध्यात दुसरं, आणि पहिल्या पावसाच्या आधी, आंबा जरा उतरला की, तिसरं. हा फरक ज्याने चाखलाय त्याला डबा पुरत नाही.

राहिलं पातेल्यातलं पाणी. लिटरभर दुधामागे अर्ध्या लिटरहून जास्त निघतं, आणि ते ओतून देणं हा अपराध आहे. दह्याच्या आम्लामुळे दुधातला बराच कॅल्शियम या पाण्यात उतरतो. शिवाय त्यात दुधातली साखर आणि थोडी प्रथिनं असतात. थालीपीठाचं पीठ याच पाण्यात भिजवावं, कढी करावी, पुऱ्यांची कणीकही मळावी. फक्त डाळ शिजवताना घालू नये. आंबटपणाने डाळ मऊ होत नाही. काचेच्या भांड्यात उन्हात ठेवू नये, कारण ‘ब-२’ उजेडात नष्ट होतं.

घरचं आम्रखंड फ्रिजमध्ये तीन दिवस खावं, त्यापुढे ठेवू नये. तिसऱ्या दिवशी तळाला जे वाटी-दीड वाटी उरतं त्याचं पियूष करावं. शिवाजी पार्कच्या ‘प्रकाश’मध्ये किंवा ‘पणशीकरां’कडे साबुदाण्याच्या वड्यानंतर जे पियूष मागवतात, त्याचा पाया श्रीखंड आणि ताकच असतो. वाटीभर आम्रखंडाला दीड वाटी गोडसर, गार ताक, किंचित मीठ, लागली तर जायफळाची एक घासणी. रवीने घुसळायचं, बर्फ न घालता. बर्फ वितळला की ते पाणचट होतं. केलं की त्याच संध्याकाळी संपवायचं.